गहाण घर, बँकेची नोटीस आणि साठ दिवस

कर्ज थकले की बँकेची नोटीस येते. पोस्टमन रजिस्टर पत्र घेऊन दारात उभा राहतो आणि घरातून उत्तर मिळते, ‘मालक गावी गेलेत.’ नोटीस घेतलीच नाही तर बँक काय करणार, असा आपल्या बाजारपेठेत जुना समज आहे. तो साफ चुकीचा आहे. कर्जदार नोटीस टाळतो असे दिसले की ती दारावर चिकटवता येते व दोन वृत्तपत्रांत छापता येते. नोटीस लागू व्हायची ती होतेच, वर मोहल्ल्यात बोभाटा होतो तो वेगळा.

हा २००२ सालचा कायदा ‘सरफेसी’ या नावाने ओळखला जातो. त्यापूर्वी बँकेला वसुलीसाठी दिवाणी कोर्टात, व १९९३ च्या कायद्यानंतर मोठ्या रकमांसाठी कर्जवसुली न्यायाधिकरणात जावे लागे. सरफेसीने कोर्टाची पायरी न चढता गहाण मालमत्ता ताब्यात घेऊन विकण्याचा अधिकार बँकेला दिला. आपले बरेच व्यापारी सहकारी बँकांचे खातेदार आहेत. या बँकांनाही हा अधिकार आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने मे २०२० मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातील मुरगूडच्या एका सहकारी बँकेच्या प्रकरणात स्पष्ट केले.

हप्ता ९० दिवसांहून अधिक थकला की खाते अनुत्पादक ठरते. कॅश क्रेडिट खात्यात उचल सतत ९० दिवस मर्यादेच्या वर राहिली, तरी तीच गत. मग थोडीफार रक्कम भरून खाते सुरळीत होत नाही, सगळी थकबाकी भरावी लागते. लूम किंवा कारखाना चालविणाऱ्या बांधवांनी खाते या टप्प्यावर जाण्याआधीच बँकेला लेखी गाठावे. लघुउद्योगांच्या पुनरुज्जीवनाची योजना केंद्र सरकारने २०१५ साली अधिसूचित केली आहे. मात्र तिचा लाभ हवा असेल तर उद्योजकाने स्वतः कागदपत्रांसह वेळीच पुढे यावे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये बजावले. नोंदणीचे कागद पेटीत ठेवून काय उपयोग?

नोटिशीनंतर ६० दिवस मिळतात. आमच्या मते सारा खेळ याच ६० दिवसांचा आहे. व्याज चुकीचे लावले आहे, भरलेला हप्ता जमा दाखवलेला नाही, असे काहीही असेल तर ते लेखी कळवून पोच घ्यावी. बँकेने १५ दिवसांत कारणांसह उत्तर देणे बंधनकारक आहे. मॅनेजरसाहेबांशी तोंडी झालेले बोलणे पुढे पुराव्याला येत नाही. याच काळात घर गुपचूप विकणे किंवा भाड्याने देणे, हा मार्ग कायद्याने बंद केला आहे.

साठ दिवस उलटले की बँक आधी कागदोपत्री ताबा घेते, दारावर व वृत्तपत्रांत तशी नोटीस लावते. प्रत्यक्ष ताब्यासाठी ती जिल्हाधिकाऱ्यांकडे, मुंबईसारख्या महानगरात मुख्य महानगर दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करते. पोलीस येतात ते या आदेशानंतर. दिवाणी कोर्टात मनाई मागायला धावणे बहुतेक वेळा व्यर्थ जाते. दाद मागायची ती कर्जवसुली न्यायाधिकरणात, ४५ दिवसांच्या आत. त्यासाठी थकबाकीचा काही भाग आधी भरावा लागत नाही. पूर्वी ७५ टक्क्यांची अट होती, ती २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. त्यावरील अपिलासाठी मात्र ५० टक्के भरावे लागतात, फार तर ते २५ टक्क्यांवर येतात.

लिलावाच्या दिवशी नातेवाइकांकडून पैसे गोळा करून धावण्याची आपली सवय आता महागात पडेल. २०१६ च्या दुरुस्तीनंतर लिलावाची जाहिरात प्रसिद्ध होण्यापूर्वीच सगळे देणे चुकते करून मालमत्ता सोडवता येते. सप्टेंबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही तसाच निकाल दिला.

शेतजमीन या कायद्यातून वगळली आहे. एक लाखापर्यंतचे देणे, किंवा मुद्दल व व्याजाच्या २० टक्क्यांपेक्षा कमी बाकी असेल, तरी तो लागू होत नाही.

जामीनदार मात्र सुटत नाही. भावाच्या दुकानासाठी स्वतःचे घर गहाण ठेवणारे आपल्यात कमी नाहीत, त्यांच्यावरही थेट कारवाई होते. विक्रीतून देणे व खर्च वजा जाता रक्कम उरली तर ती मालकाला परत मिळते, तेव्हा हिशेब लेखी मागावा. रक्कम कमी पडली तर उरलेल्यासाठी बँक न्यायाधिकरणात जाऊ शकते.