भट्टीला हार, ओव्हनला भंगार

मुंबई उच्च न्यायालयाने ९ जानेवारी २०२५ रोजी लाकूड-कोळशावर चालणाऱ्या मुंबईतल्या बेकऱ्यांना सहा महिन्यांत गॅस किंवा अन्य हरित इंधनाकडे वळायला सांगितलं आणि भट्टीच्या आठवणींना ऊत आला. पहाटेचा वास, लादीपाव, इराण्याचा ब्रून मस्का, सगळं रीतसर उगाळून झालं. त्याच सुमारास माझा ओटीजी ओव्हन बंद पडला. खालची कॉइल गेली होती, बाकी ठणठणीत. दुरुस्तीवाल्याने स्क्रू काढायचेही कष्ट घेतले नाहीत. "ताई, याचे पार्ट येत नाहीत आता. भंगारात टाका आणि एअर फ्रायर घ्या." भट्टीला हार आणि ओव्हनला भंगार, हा न्याय मला झोंबला.

कारण भट्टीवर हळवे होणाऱ्यांत पुरुषमंडळी फार, आणि त्यांच्यापैकी बहुतेकांना नानकटाई भेटली ती थेट डब्यात. बेकरीच्या दारात ताटकळत बसायची ती आई. दिवाळीच्या आठवड्यात मैदा, पिठीसाखर, तूप असं सगळं घरून बांधून न्यायचं. बेकरीवाला ते मळणार, पत्र्यांवर थापणार, पण भट्टीत घालणार पाव निघाल्यावर. त्यात त्याचं चूक नव्हतं. पावाला भट्टी रसरशीत लागते, बिस्किटाला उतरतीला लागलेली. पण भट्टी उतरेपर्यंत रात्रीचे अकरा वाजायचे. पत्र्यावरची नावाची चिठ्ठी कधी जळायची, कधी बदलायची. साजूक तूप देऊन डालड्याच्या वासाची नानकटाई घरी आलेली मी खाल्ली आहे, आणि आईने बेकरीवाल्याशी घातलेला वादही ऐकला आहे. भट्टीचा धूर कोणाच्या फुप्फुसात जात होता हे न्यायालयाने आत्ता विचारलं. नानकटाई नेमकी कोणाच्या तुपातली, हे तर कोणी कधीच विचारलं नाही.

ओटीजीच्या आधीचा इतिहास मी भरभर उरकते, कारण तो सगळ्यांना पाठ आहे. नानकटाईचा उगम सुरतेत डचांच्या बेकरीत झाला असं सांगतात. घरी करायचीच हौस असेल तर पातेल्याच्या खाली निखारे आणि झाकणावर निखारे. पुढे कुकरमध्ये वाळू, शिट्टी आणि रबर काढून. मग आला ॲल्युमिनियमचा गोल ओव्हन, झाकणावर काचेचा डोळा असलेला. त्याला तापमानाचं बटण नव्हतं, त्यामुळे त्यात केक फुगायचा आणि बिस्किटं तळाला कोळसा व्हायची. त्या ओव्हनबद्दल मला काडीचं प्रेम नाही.

माझं दशक १९९०चं, डोंबिवलीतलं. लग्नानंतर दोन खोल्यांचं घर, आणि ओट्यावर मिक्सरला बाजूला सारून बसवलेला ओटीजी. घरात पंधरा अँपिअरचा प्लग एकच, तो गिझरचा. म्हणजे ओव्हनसाठी वायरमन बोलावून वेगळी लाइन ओढून घ्यायची. एवढ्यावरच घरात पहिली चकमक झाली. दुसरी विजेच्या बिलावरून. "मीटर बघ कसं पळतंय," हे वाक्य मी त्या दशकात इतकं ऐकलं की हिशोब इथे छापून टाकते. तेराशे वॉटचा ओव्हन, दहा मिनिटं तापवायला आणि पंधरा मिनिटं भाजायला. अर्ध्या युनिटाच्या आसपास. एका ट्रेला. गिझरबद्दल कोणी अवाक्षर काढत नव्हतं.

आणि क्लासेस! दादर, ठाणे, डोंबिवली, उन्हाळ्याच्या सुट्टीत गल्लोगल्ली केक-बिस्किटांचे क्लास. बाई ओव्हनसमोर, आम्ही सतरंजीवर वही घेऊन. कमलाबाई ओगल्यांच्या 'रुचिरा'ने १९७० पासून आमच्या आयांना वाटी-चमच्याचं प्रमाण दिलं होतं. क्लासने आमच्या हातात स्प्रिंगचा काटा दिला. भाजीत वाटी पुढेमागे झाली तर निभावतं, बिस्किटात नाही. पाव किलो मैद्याला दीडशे ग्रॅम तूप, दीडशे ग्रॅम पिठीसाखर. तूप वीस ग्रॅम जास्त झालं की ट्रेवर सगळी बिस्किटं एकमेकांच्या गळ्यात पडतात.

आमच्या क्लासवाल्या बाईंचं एक देणं मात्र चुकवायचं राहिलंय. कृती लिहून देताना त्या एक जिन्नस हटकून गाळत. नानकटाईत त्यांनी दही गाळलं होतं. सोड्याला आंबट काहीतरी लागतं. नाहीतर तो नुसताच आत बसून राहतो, बिस्किट पिवळट होतं आणि जिभेवर साबण येतो. करून दाखवताना बाईंनी दह्याचा चमचा कधी घातला, ते आम्हा वीसेक जणींपैकी एकीलाही दिसलं नाही. वर्षभर साबणाची नानकटाई खाऊ घातल्यावर शेजारच्या गुजराती बेनने एका वाक्यात उलगडा केला. तिने फी घेतली नाही.

बाकीचं आम्ही हाताने शिकलो. थिजलेलं तूप आणि पिठीसाखर परातीत घेऊन तळव्याने फेसायचं. पिवळं तूप हळूहळू पांढरं होत जातं, मनगट भरून येतं. झालं की नाही ते कळायला वाटीभर पाण्यात त्याचा एक थेंब टाकायचा. बुडाला तर अजून फेसा, तरंगला तर साखर-तुपात हवा पुरेशी शिरली. ऑक्टोबरच्या उकाड्यात तूप परातीतच पातळ व्हायचं, मग परात फ्रिजमध्ये. मैदा घातल्यावर मात्र मळायचं नाही, नुसतं गोळा करायचं. मळलं की चिकटपणा सुटतो आणि खुसखुशीत व्हायचं ते चिवट होतं. प्रत्येकीच्या ओव्हनचा एक कोपरा तापट असायचा, माझा मागचा डावा. म्हणून अर्ध्या वेळेला ट्रे फिरवायचा. बाहेर काढताना नानकटाई मऊच लागते. कच्ची राहिली म्हणून परत आत ढकलली की दगड झालीच. कडेला रंग आला की बाहेर, आणि गार होईस्तोवर कोणी हात लावायचा नाही. मधेच वीज गेली तर दार उघडायचं नाही, आतल्या धगीवर शेवटचा ट्रे निभावून न्यायचा. भट्टीवाल्याची उतरती धग ती हीच, फक्त आता तिची मालकी आमच्याकडे होती.

याच दशकात आमच्या इमारतीत बायका दिवाळीच्या ऑर्डरी घ्यायला लागल्या. किलोवर भाव, तूप तुमचं किंवा आमचं, दोन्ही सोयी. कित्येकींच्या हातात स्वतःच्या नावाचे पहिले पैसे या बिस्किटांनी दिले. बँकेतल्या नोकरीचं कौतुक करणारे लेख पुष्कळ आहेत. ओट्यावरच्या या डब्याने घातलेल्या धंद्यावर एक ओळ कुठे वाचल्याचं मला आठवत नाही. "विकतची स्वस्त पडते गं," असं म्हणणारे नातेवाईक पहिली ताटली रिकामी करण्यात पुढे असत, हेही नोंदवून ठेवते.

पुढची दहा-पंधरा वर्षं मला कंटाळवाणी वाटतात. कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह आला, त्यावर 'ऑटो कुक' नावाचं बटण आलं. पदार्थाचा क्रमांक दाबायचा आणि शिट्टी वाजेपर्यंत मालिका बघायची. हे यंत्र बहुतेक घरांत दूध आणि कालची आमटी गरम करण्यात म्हातारं झालं. २०२०च्या टाळेबंदीत सगळ्यांना एकदम भाजायची हुक्की आली. टाळेबंदी उठली तशी ती उतरली.

आता एअर फ्रायर. २०१० मध्ये फिलिप्सने हे नाव बाजारात आणलं, पण यंत्र म्हणाल तर वर कॉइल, त्यामागे पंखा, लहानसा कन्व्हेक्शन ओव्हनच. गरम हवा पंख्याने फिरवायची युक्ती तर १९४५ च्या सुमाराची. विमानात गोठवलेलं जेवण तापवण्यासाठी विल्यम मॅक्सन नावाच्या अमेरिकनाने ती वापरली होती. ज्या खालच्या कॉइलपायी माझा ओव्हन भंगारात काढला, ती बहुतेक एअर फ्रायरना मुळातच नसते. त्यामुळे बिस्किट वरून तांबूस, खालून पांढरंफटक. एका वेळी सहा-आठ, तीही उलटवून. बटर पेपर हलका असेल तर पंखा तो उडवतो आणि कॉइलला नेऊन चिकटवतो. आणि हे सगळं "बारा मिनिटांत" म्हणून मिरवायचं! बारा मिनिटं आमच्याही ओव्हनला फारशी कमी पडत नव्हती. वेळ लागायचा तो तूप फेसायला, आणि नेमकं तेच आता गाळलंय. तूप नको, मैदा नको, साखर नको. ओट्स आणि खजूर एकत्र दाबून वर पिस्ता लावला की झाली नानकटाई. क्लासवाल्या बाई निदान एकच जिन्नस गाळायच्या.

नवा ओटीजी शेवटी मी घेतलाच. पंख्याचा आहे. पंखा लावला तर कृतीतलं तापमान वीस अंशांनी कमी धरायचं, मग दोन ट्रे एकदम आणि सारखे भाजले जातात. तापट कोपराही उरत नाही. जिरा बिस्किटं आणि खारी त्यात झकास होतात, एवढं मान्य करते. नानकटाईला मात्र मी पंखा बंदच ठेवते. वाऱ्याने तिची वरची साय आधीच सुकून बसते आणि मग ती मनासारखी पसरत नाही, तडकत नाही. तडा नसलेली नानकटाई मी कोणाला देत नाही. ओव्हनसोबत कृतींची गुळगुळीत पुस्तिका आली आहे. तीत पिझ्झा आहे, मफिन आहे, अख्खी कोंबडी आहे. नानकटाई कुठेच नाही. दुकानात विचारलं तर तिथला मुलगा म्हणाला, "ती बेकरीत मिळते ना, मॅडम."