खिडकीतून बाहेर पडलेला कॅमेरा

सोव्हिएत सिनेमावरच्या पुरवणीसाठी संपादकांना एखादा दिग्दर्शक हवा होता. मी त्यांच्या गळ्यात कॅमेरामन मारला. कारण एकच : ‘आय ॲम क्युबा’ (१९६४) मधला अंत्ययात्रेचा शॉट. तो कसा घेतला असेल, हे कळेपर्यंत मला दुसरं काही सुचेना.

पोलिसाच्या गोळीला बळी पडलेल्या विद्यार्थ्याची अंत्ययात्रा हवानाच्या अरुंद रस्त्यावरून चालली आहे. कॅमेरा आधी गर्दीत, माणसांच्या खांद्याशी. मग तो वर चढू लागतो. एक मजला, दोन, तीन, चार. वर पोचल्यावर आडवा सरकून सिगारच्या कारखान्यात शिरतो. कामगार हातातली पानं टाकून खिडकीशी जातात, झेंडा बाहेर सोडतात. त्यांच्यामागोमाग कॅमेराही खिडकीपाशी. इथे कोणीही शहाणा माणूस थांबला असता. हा सरळ बाहेर पडतो आणि रस्त्याच्या मधोमध, हवेत, यात्रेच्या डोक्यावरून तरंगत जातो. मध्ये एकही कट नाही.

यामागे कुठलं जादूचं यंत्र नव्हतं. ऑपरेटरच्या अंगात हूक लावलेलं जाकीट होतं. ठरल्या ठिकाणी उभे असलेले सहायक तो हूक कप्पीच्या दोराला अडकवायचे, सोडवायचे, पुढच्या दोराला लावायचे. शेवटचा टप्पा दोन्ही बाजूंच्या इमारतींमधून ताणलेल्या तारेवरचा. थोडक्यात, गोविंदा पथकाचं काम : एकाचा हात चुकला की अख्खी अंत्ययात्रा पुन्हा पहिल्यापासून. चालताना कॅमेरा स्थिर ठेवणारा स्टेडिकॅम पडद्यावर आला १९७६ साली. त्याच्या बारा वर्षं आधीची ही गोष्ट.

या सगळ्यामागचा छायालेखक सेर्गेई उरुसेव्हस्की. जन्म १९०८, सेंट पीटर्सबर्ग. शिक्षण चित्रकलेचं, ग्राफिक कलावंत फावोर्स्कीच्या हाताखाली. त्याच्या चौकटींतला काळ्या-पांढऱ्याचा ठसठशीतपणा तिथला असावा. युद्धात तो आघाडीवर चित्रण करत होता. तोफा सुरू असताना तिपाई मांडत बसायला वेळ कुणाला? कॅमेरा हातात घेऊन पळायचं तो तिथे शिकला. पुढे दोन्स्कोई, पुदोव्हकिन, चुखराय अशा दिग्दर्शकांबरोबर त्याने कामं केली. चांगलीच होती, पण मला घाई आहे ती १९५७ ला पोचायची.

त्या वर्षी मिखाईल कालातोझोव्हच्या ‘द क्रेन्स आर फ्लाइंग’मध्ये वेरोनिका आघाडीवर निघालेल्या बोरिसला गाठायला धावते. कॅमेरा तिच्याबरोबर बसमध्ये आहे. ती उतरते, तोही उतरतो, गर्दीतून वाट काढतो आणि अचानक क्रेनवर उंच जातो. खाली रणगाड्यांच्या रांगेतून ती एकटी पळते आहे. पुढे बोरिसला गोळी लागते तेव्हा डोक्यावरची बर्चची झाडं गरगर फिरतात. १९५८ मध्ये कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार या चित्रपटाला मिळाला.

मग क्युबा, पुन्हा कालातोझोव्हबरोबरच. एक वर्षाहून जास्त चित्रीकरण. इन्फ्रारेड फिल्म वापरल्यामुळे आकाश जवळजवळ काळं आणि ऊस, माडांच्या झावळ्या चांदीसारख्या पांढऱ्या. अतिशय रुंद कोनाची भिंगं. फ्रेम थांबवून भिंतीवर लावावी असं प्रत्येक दृश्य.

आणि इथेच मला खटकतं. वेरोनिकाच्या मागे पळणारा कॅमेरा तिच्यासाठी पळत होता. क्युबात तो कुणासाठी उडतो? माझ्या मते बऱ्याचदा स्वतःसाठीच. कोयता घेऊन स्वतःचाच ऊस सपासप तोडणारा म्हातारा शेतकरी पाहताना मला त्याच्या दुःखाआधी भिंगाची करामत दिसली, याची लाज वाटली. हवानाच्या प्रेक्षकांनाही यात आपला देश दिसला नाही. चित्रपटाला ‘मी क्युबा नव्हे’ असं टोपणनाव पडलं. मॉस्कोतही स्वागत थंडच झालं आणि प्रिंट कपाटात गेल्या.

त्यानंतर कालातोझोव्ह आणि उरुसेव्हस्की पुन्हा एकत्र आले नाहीत. उरुसेव्हस्की स्वतः दिग्दर्शनाकडे वळला : आइत्मातोव्हच्या कथेवर एक चित्रपट, कवी येसेनिनवर एक. ‘क्रेन्स’ची उंची दोन्हींना नाही. १९७४ मध्ये तो वारला.

‘आय ॲम क्युबा’ अमेरिकेत चित्रपटगृहांत लागला १९९५ साली, स्कोर्सेसी आणि कोपोला यांच्या पाठिंब्याने. तोवर उरुसेव्हस्कीला जाऊन वीस वर्षं उलटली होती.