आजीची गोष्ट आणि उत्पत्तीचे पुस्तक



कळमनुरी तालुक्यातील आमच्या संध्याकाळच्या अभ्यासवर्गात मी उत्पत्तीचा दुसरा अध्याय सांगत होतो. देवाने मातीतून माणूस घडवून त्याला श्वास दिला, इथवर आलो आणि एक मुलगा उभा राहिला. त्याचे आजोळ किनवटकडचे, गोंड समाजातले. "सर, आमची आजी सांगते, आमचे पूर्वज गुहेत कोंडले होते. लिंगोनं त्यांना सोडवलं." मुले हसली. मीही घाईने म्हणालो, "ती नुसती गोष्ट आहे रे." तो खाली बसला आणि पुढे कितीतरी दिवस वर्गात बोललाच नाही. चूक माझी होती.

ही 'नुसती गोष्ट' कागदावर उतरवून ठेवणारे एक मिशनरीच होते. नागपूरचे रेव्ह. स्टीफन हिस्लॉप यांनी लिंगोची गाथा गोंडीत टिपून घेतली. १८६३ मध्ये ते बुडून मरण पावले. १८६६ मध्ये रिचर्ड टेंपल यांनी त्यांचे लेखन प्रसिद्ध केले. गोंदिया जिल्ह्यातील कचारगडच्या गुहेत आजही माघ पौर्णिमेला गोंड बांधव जमतात.

मेळघाटातील कोरकूंची कथा तर आपल्याला ओळखीची वाटेल. महादेवाने वारुळाच्या लाल मातीतून स्त्री-पुरुष घडवले. इंद्राच्या घोड्यांनी त्या मूर्ती तुडवल्या. तेव्हा महादेवाने राखणीला कुत्रा घडवला, मग पुन्हा माणसे घडवून त्यांत प्राण घातला. ती मुला आणि मुलाई.

सगळ्या कथा एकच सांगतात असे नाही. बाबेलच्या प्राचीन कथेत माणूस पराभूत दैवताच्या रक्तातून घडतो, तोही देवांची कामे उपसायला. आपले शास्त्र म्हणते, स्त्री व पुरुष दोघेही देवाच्या प्रतिरूपाचे. माझा विश्वास त्यावर आहे. पण ज्या मुलाला मी देवाचे प्रतिरूप म्हणतो, त्याच्याच आजीला मी हसण्यावारी कसे नेऊ? पौलाने अथेन्समध्ये आधी तिथल्या वेद्या पाहिल्या, मग तोंड उघडले.

दिवाळीनंतर ती आजी लेकीकडे आली होती. मी घरी जाऊन क्षमा मागितली आणि वर्गात येण्याची विनंती केली. तिने सगळी गोष्ट सांगितली. मुले गप्प बसून ऐकत होती. शेवटी ती म्हणाली, "आता तुमची सांगा, गुरुजी."

मी पहिला अध्याय उघडला. या वर्गासाठी आपल्या प्रार्थना असू द्या.