कैफियतीची मुदत : नियम आणि न्याय



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ आपण येथे जमलो आहोत, ते निबंधाची वही उशिरा आणणाऱ्या मुलाला एकदम वर्गाबाहेर काढीत नसत. ‘उशीर का झाला, ते आधी सांग,’ असे विचारीत. उत्तर ऐकून मगच वही ठेवून घेत किंवा परत करीत. दिवाणी न्यायालयात चाळीस वर्षे घालविल्यावर मला जाणवते, की प्रतिवादीला कैफियत दाखल करण्यासाठी मुदतवाढ द्यावी की देऊ नये, हा प्रश्न गुरुजींच्या त्या प्रश्नाहून फारसा निराळा नाही.

प्रथम शब्दांचा उलगडा करतो. वादी दावा दाखल करतो. न्यायालय प्रतिवादीवर समन्स काढते. प्रतिवादी आपला बचाव लेखी मांडतो, ती कैफियत. कैफियतीवाचून वादाचे मुद्दे निघत नाहीत आणि मुद्द्यांवाचून साक्षीपुरावा सुरू होत नाही. म्हणून दावा लांबवावयाचा असेल, तर कैफियत लांबविणे हा सर्वांत सोपा मार्ग असे.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील आठव्या आदेशाचा पहिला नियम पूर्वी सैल होता. पहिल्या सुनावणीपर्यंत ‘किंवा न्यायालय परवानगी देईल त्या मुदतीत’ कैफियत द्यावी, एवढेच तो सांगे. या सैलपणाचा लाभ मीही घेतला, हे येथे कबूल केले पाहिजे. १९९० च्या सुमारास एका घराच्या ताब्याच्या दाव्यात मी प्रतिवादीतर्फे उभा होतो. मुदतीचे अर्ज मी एकामागून एक अकरा वेळा दिले. वादी वृद्ध गृहस्थ होते. प्रत्येक तारखेला कापडी पिशवीत भाकरी घेऊन गावाहून येत आणि व्हरांड्यात मला विचारीत, ‘वकीलसाहेब, आज तरी कैफियत आली का?’ बाराव्या तारखेला ते आले नाहीत, त्यांच्या निधनाची पुरसीस आली. मी कायदा मोडला नव्हता, तरीही त्या दिवशी घरी जाताना मला स्वतःचे समाधान करता आले नाही.

अशा अनुभवांतूनच १९९९ आणि २००२ च्या दुरुस्त्या झाल्या. १ जुलै २००२ पासून त्या अमलात आल्या. समन्स बजावल्यापासून तीस दिवसांत कैफियत द्यावी. न दिल्यास न्यायालय कारणे नोंदवून मुदत वाढवू शकेल, परंतु ती बजावणीपासून नव्वद दिवसांपलीकडे असणार नाही, असा नियम झाला.

मग प्रश्न उभा राहिला : एक्क्याण्णवाव्या दिवशी दार कायमचे बंद होते काय? २००५ साली सर्वोच्च न्यायालयाने कैलाश विरुद्ध नन्हकू या प्रकरणात आणि नंतर सेलम वकील संघाच्या प्रकरणात त्याचे उत्तर दिले. प्रक्रियेचे नियम न्यायाच्या सेवेसाठी असतात. हे बंधन प्रतिवादीवर आहे. न्यायालयाची शक्ती त्याने नाहीशी होत नाही. शिवाय त्याच आदेशाचा दहावा नियम कैफियत न आल्यास निकाल देण्याची किंवा ‘योग्य तो अन्य हुकूम’ करण्याची मोकळीक न्यायालयास देतो. म्हणून नव्वद दिवसांनंतरही मुदत देता येईल. मात्र ती नित्याची गोष्ट होता कामा नये. अपवादात्मक अडचणीच्या प्रसंगीच ती द्यावी आणि गरज वाटल्यास खर्चाचा भारही घालावा.

हा अपवाद कोणासाठी, हे मी २००६ साली पाहिले. सीमाभागातील एका खेड्यातील विधवा बाई माझ्याकडे आल्या, तो बजावणीचा एकशेतिसरा दिवस होता. शेजाऱ्याने त्यांच्या अर्ध्या एकरावर मालकीचा दावा लावला होता. बेलिफ आला तेव्हा त्या भांगलणीला गेल्या होत्या. एकत्र राहणाऱ्या दिरांनी सही करून समन्स घेतले. कायद्याने ती बजावणी पुरी झाली. कागद कानडी आणि इंग्रजीत, घरात वाचणारे कोणी नाही, मुलगा पुण्यास नोकरीला. कागद तांदळाच्या डब्यात राहिला. आम्ही तारीखवार हकीकत लिहून प्रतिज्ञापत्र दिले आणि कैफियतही त्याच दिवशी सोबत जोडली. न्यायाधीशांनी खर्च भरण्याच्या अटीवर ती दाखल करून घेतली. जमीन पुढे त्यांच्याकडेच राहिली. दार बंद झाले असते तर त्यांचे म्हणणे कधी ऐकलेच गेले नसते.

मात्र प्रत्येक दाव्यास ही सवलत नाही. २०१५ च्या वाणिज्यिक न्यायालय कायद्याखालील दाव्यांत एकशेवीस दिवसांनंतर कैफियत देण्याचा हक्कच संपतो. ही मर्यादा अनुल्लंघनीय असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ साली स्पष्ट केले. २०१८ च्या दुरुस्तीनंतर तीन लाख रुपयांचा व्यापारी व्यवहारही या कायद्यात येऊ शकतो, हे छोट्या व्यापाऱ्यांनी ध्यानी धरावे. महासाथीच्या काळात मात्र १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा अवधी मुदतीच्या गणनेतून वगळण्यात आला. कारण तेव्हा दार न्यायालयाचेच बंद होते.

कैफियत न आल्यास वादी आपोआप जिंकतो, असेही नाही. दाव्यातील कथन संशयास्पद असेल तर न्यायालयाने पुरावा मागावा, डोळे मिटून हुकूमनामा देऊ नये, असे १९९९ सालीच बलराज तनेजा प्रकरणात सांगितले गेले आहे. तथापि त्या आशेवर कोणी स्वस्थ बसू नये.

व्यवहारातील चार गोष्टी सांगून थांबतो. समन्स हाती येताच त्यावर तारीख लिहा. तो कागद वाचता येत नसेल तर त्याच आठवड्यात वाचणारा शोधा. दाव्यासोबतची कागदपत्रे मिळाली नसतील तर ती लेखी मागा. आणि मुदत मागताना ‘वकिलांना वेळ नव्हता’ असे मोघम लिहू नका. कोणत्या दिवशी काय अडचण आली, ते लिहा.

मुदत ही त्या कापडी पिशवीवाल्या वृद्धाच्या रक्षणासाठी आहे आणि मुदतवाढ ही तांदळाच्या डब्यात कागद राहिलेल्या बाईंसाठी. दोघांनाही न्याय द्यावयाचा तर न्यायाधीशाला गुरुजींचाच प्रश्न विचारावा लागतो. आणि वकिलाने त्याचे खरे उत्तर द्यावे लागते, हे या शाळेत शिकूनही मला फार उशिरा उमगले.