चरित्रनट आणि त्याची भूमिका

नायकाविषयी आपण पुष्कळ बोलतो, चरित्रनटाविषयी क्वचितच. कथेतील सावकार, फौजदार, पुढारी, गुंड, मुलीचा बाप अशी माणसे जो उभी करतो, तो चरित्रनट. नायक पडद्यावर जवळजवळ तीन तास वावरतो. याच्या वाट्याला चारपाच प्रसंग येतात. तेवढ्यात त्या माणसाचे मागचे सारे आयुष्य प्रेक्षकाला जाणवावे लागते. हे कसे साधते आणि नटाला त्याची काय किंमत पडते, हे पाहण्यासाठी आम्ही धाराशिवच्या शेजारच्याच जिल्ह्यातील नट निवडला आहे.

सदाशिव अमरापूरकर १९५० साली अहमदनगर, म्हणजे आताच्या अहिल्यानगर येथे जन्मले. त्यांची घडण मराठी रंगभूमीवर झाली. 'हँड्स अप' या नाटकातील त्यांचे काम पाहून गोविंद निहलानींनी त्यांना 'अर्धसत्य' (१९८३) या चित्रपटात घेतले. श्री. दा. पानवलकरांची कथा, विजय तेंडुलकरांची पटकथा आणि अमरापूरकरांचा रामा शेट्टी! हिंदी चित्रपटातील खलपुरुष तोवर बहुधा गर्जना करीत असे. हा शेट्टी मात्र आवाज चढवीत नाही. ज्याच्या हाती सत्ता आहे त्याला ओरडण्याचे कारणच काय? त्या संथ बोलण्यातच त्याची दहशत आहे. प्रसंग मोजके, पण सहायक अभिनेत्याचे फिल्मफेअर पारितोषिक त्यांना मिळाले. पुढे 'सडक' (१९९१) मधील महाराणीच्या भूमिकेबद्दल खलनायकाचे पारितोषिकही मिळाले.

येथेच किंमत सुरू होते. नटाने दुष्ट माणूस एकदा पटवून दिला, की निर्माते त्याला पुन्हा पुन्हा तोच वेष चढवितात. आणि प्रेक्षकही त्याला तसाच समजू लागतात. अमरापूरकरांनी 'इश्क' (१९९७) सारख्या चित्रपटांतून विनोदाची वाट धरली खरी, पण लोकांच्या मनातील खलपुरुष पुसला गेला नाही. वस्तुतः दूरदर्शनवरील श्याम बेनेगलांच्या 'भारत एक खोज' या १९८८ सालच्या मालिकेत महात्मा फुले याच नटाने उभे केले होते. रामा शेट्टी आणि जोतीराव, दोन्ही एकाच मुखातून! चरित्रनटाची खरी कसोटी याहून निराळी कोणती असणार?

आणि मुखवट्यामागचा माणूस? २०१३ चा उन्हाळा या जिल्ह्यातील श्रोत्यांना सांगावयास नको. घागरी रांगेत ठेवून टँकरची वाट पाहिली जात होती. त्याच वर्षी होळीच्या दिवसांत मुंबईत पाण्याचे फवारे उडवून नाच चालला होता. राज्यात दुष्काळ असताना ही नासाडी कशाला, असे अमरापूरकरांनी तेथे जाऊन विचारले, आणि त्याबद्दल त्यांना धक्काबुक्की सोसावी लागली. त्यांचे वय तेव्हा बासष्ट होते. पुढल्याच वर्षी, ३ नोव्हेंबर २०१४ रोजी, ते वारले.

पडद्यावर त्यांनी इतरांना धाक घातला. प्रत्यक्षात आपल्या पाण्यासाठी स्वतः मार खाल्ला. रसिकांनी भूमिकेवर विश्वास जरूर ठेवावा. नटाचे यश तेच आहे. परंतु भूमिका संपल्यावर माणसाची ओळख निराळी करून घ्यावी, एवढेच आमचे सांगणे आहे.