सातारा आणि सांगली : दोन शेजारी, एक धनी

वसंत व्याख्यानमालेत कामगार चळवळीतला माणूस इतिहासावर बोलणार, हे ऐकून काही श्रोत्यांनी भुवया उंचावल्या असतील. आमचे शिक्षण कारखान्याच्या फाटकावर आणि नगर वाचनालयाच्या बाकावर झालेले. पदवी आम्हांजवळ नाही. परंतु एक प्रश्न आम्हांला धंद्यानेच पडला आणि त्याचे उत्तर शोधता शोधता इतिहासाची पुस्तके उघडावी लागली. तो प्रश्न असा : सातारचा माणूस आणि सांगलीचा माणूस एकच भाकरी खातो, एकाच कृष्णेचे पाणी पितो, एकमेकांच्या घरी सोयरीक करतो. मग कामाच्या जागी "ते सातारचे", "हे सांगलीचे" असा भेद कोठून येतो, आणि तो कोणाच्या उपयोगी पडतो?

पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंड असे दोन शेजारी देश आहेत. दोहोंवर एकाच मुकुटाचे राज्य होते. न्यूझीलंड १८४१ पर्यंत ऑस्ट्रेलियातल्या न्यू साउथ वेल्स वसाहतीलाच जोडलेला होता. १९०१ साली ऑस्ट्रेलियाचे संघराज्य झाले, तेव्हा त्याच्या घटनेत न्यूझीलंडचे नावही घातलेले होते, पण तो देश आत आला नाही. १८९० साली तिकडे मोठा सागरी संप झाला, तो दोन्ही देशांत पसरला आणि दोन्हीकडे मोडला गेला. धन्याला समुद्र आड आला नाही, म्हणून कामगारानेही तो आड येऊ दिला नाही, एवढे त्यातून घेण्यासारखे आहे. मात्र तेथले शेजारी म्हणजे बाहेरून येऊन तेथल्या मूळच्या लोकांच्या जमिनीवर बसलेले वसाहतवाले. आमच्याकडे माणसे जागच्या जागी राहिली आणि रेघा त्यांच्या अंगणातून ओढल्या गेल्या. ही रेघ कशी ओढली गेली, ते आता पाहू.

१८१८ च्या फेब्रुवारीत इंग्रजांनी साताऱ्याचा किल्ला घेतला आणि एल्फिन्स्टनने साताऱ्याहूनच आपला जाहीरनामा काढला. पेशवाई बुडाली. आता एवढ्या मुलखाचे करायचे काय? सगळा एकदम गिळला तर सरदार, जहागीरदार आणि रयत बिथरेल, हे एल्फिन्स्टन ओळखून होता. म्हणून त्याने दोन प्रकारची व्यवस्था केली. प्रतापसिंह महाराजांना साताऱ्याच्या गादीवर बसवून १८१९ च्या सप्टेंबरात त्यांच्याशी तह केला. उत्तरेस नीरा व भीमा, दक्षिणेस वारणा व कृष्णा, पश्चिमेस सह्याद्री असा मुलूख त्यांना दिला. परंतु रेसिडेंटास वगळून कोणत्याही राजाशी वा सरदाराशी पत्रव्यवहार करायचा नाही, हे कलम त्यातच घातले. पहिला रेसिडेंट ग्रँट डफ, ज्याने पुढे मराठ्यांचा इतिहास लिहिला तोच.

दुसरी व्यवस्था पटवर्धनांची. चिंतामणराव आप्पासाहेब हे १८०१ साली मिरजेच्या घराण्यातून वेगळे होऊन सांगलीस आले होते. गणेशदुर्ग त्यांनीच बांधला आणि सांगलीला राजधानीचे रूप दिले. इंग्रजांनी त्यांच्याशी वेगळा तह केला. चिंतामणरावांनी इंग्रजांसाठी घोडदळाची चाकरी करण्याऐवजी मुलूख तोडून दिला, ही गोष्ट त्यांच्या मानी स्वभावाची साक्ष देते. त्यांच्याच आश्रयाने विष्णुदास भावे यांनी १८४३ साली सांगलीत 'सीतास्वयंवर' रंगभूमीवर आणले.

येथे एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. संस्थान म्हणजे सलग जमिनीचा तुकडा नव्हे. पटवर्धनांना पेशव्यांकडून मिळाला होता तो सरंजाम. फौज पोसण्यासाठी ज्या गावांचा वसूल लावून दिला, ती गावे कोठेही असत. म्हणून सांगली संस्थानाचा एक तालुका मंगळवेढ्यास, एक बेळगावच्या शेजारी शहापुरास, तर एक पार धारवाडकडे शिरहट्टीस. औंधच्या पंतप्रतिनिधींचेही तसेच. औंध एकीकडे, आटपाडी दुसरीकडे, कुंडल तिसरीकडे. गोधडीवर निरनिराळ्या रंगांची ठिगळे असावीत, तसा हा मुलूख होता. इंग्रजांनी ती ठिगळे तशीच ठेवली आणि प्रत्येकाच्या कडेने कायद्याचा दोरा घालून ती पक्की शिवून टाकली.

यानंतर दोन शेजाऱ्यांच्या वाटा फुटल्या. प्रतापसिंह महाराज तहाचा अर्थ आपल्या परीने लावू लागले, जहागीरदारांवरचा आपला हक्क सांगू लागले. १८३९ साली कटाचा आरोप ठेवून इंग्रजांनी त्यांना पदच्युत केले आणि काशीस पाठविले. तेथेच १८४७ साली त्यांचा अंत झाला. त्यांची बाजू मांडण्यासाठी रंगो बापूजी गुप्ते विलायतेस गेले आणि एका तपाहून अधिक काळ तेथल्या दारांवर थापा मारीत राहिले. इकडे गादीवर बसविलेले शहाजी ऊर्फ आप्पासाहेब महाराज १८४८ साली वारले. मरणापूर्वी त्यांनी दत्तक घेतला होता. डलहौसीने तो नामंजूर केला आणि सातारा खालसा केला. वारस नसल्याचा सिद्धांत लावून त्याने घेतलेले पहिले मोठे राज्य ते हेच.

१८५७ साली साताऱ्यात उठावाची तयारी चालली होती, ती फितुरीने फुटली. त्या सप्टेंबरात साताऱ्याच्या गेंडामाळावर १७ जणांना देहान्ताची शिक्षा झाली. कोणाला फाशी, कोणाला गोळी, कोणाला तोफेच्या तोंडी. रंगो बापूजींचा मुलगा सीताराम त्यांतच गेला. रंगो बापूजी मात्र इंग्रजांच्या हाती कधीच लागले नाहीत.

आता सांगलीकडे पाहा. १९०१ साली सांगलीचे धुंडिराज तात्यासाहेब वारले. त्यांनाही औरस पुत्र नव्हता. साताऱ्याचा न्याय लावला असता, तर सांगली त्याच दिवशी खालसा व्हायला हवी होती. तसे झाले नाही. १९०३ साली घराण्यातलाच मुलगा निवडून गादीवर बसविला गेला. तेच पुढचे दुसरे चिंतामणराव आप्पासाहेब. साताऱ्याला जे नाकारले, ते सांगलीला कसे मिळाले? उत्तर सरळ आहे. १८५७ च्या वणव्याने इंग्रजांना धडा शिकविला, आणि त्यानंतर संस्थानिकांना दत्तकाच्या सनदा देण्यात आल्या. म्हणजे सांगलीची गादी टिकली, तिच्या किमतीचा काही भाग गेंडामाळावर मोजला गेला होता. दोन शेजाऱ्यांचे नाते असे असते. एकाने सोसलेले दुसऱ्याच्या पदरात पडते, आणि घेणाऱ्याला पुष्कळदा ते ठाऊकही नसते.

अशा रीतीने साताऱ्यात कलेक्टरचे राज्य आले आणि सांगलीत राजाचे. परंतु सांगलीच्या राजावर पोलिटिकल एजंट होताच. धनी एकच, कारभारी तेवढे निराळे.

या व्यवस्थेचा श्रमिकांना काय अनुभव आला, हा आमच्या धंद्याचा विषय. ब्रिटिश हिंदुस्थानात कामगारांच्या रेट्याने आणि जागतिक दबावाने काही कायदे झाले. १९२३ चा अपघाती नुकसानभरपाईचा कायदा, १९२६ चा कामगार संघटनांचा कायदा, मुंबई प्रांताचा १९३८ चा औद्योगिक तंट्यांचा कायदा. यांतला एकही कायदा संस्थानाच्या हद्दीत आपोआप लागू होत नसे. संस्थानिकाने मनावर घेऊन तसा कायदा केला, तरच तो तेथे येई. म्हणजे यंत्रात हात सापडला, तर तो हात हद्दीच्या कोणत्या बाजूस तुटला यावर त्याची किंमत ठरायची! भांडवलदार हिशेबी असतो. जमीन, पाणी, जकात आणि कायदा या चारही गोष्टी तो तोलून पाहतो.

आम्ही न्यायाने बोलले पाहिजे. संस्थानांत केवळ अंधार होता असे नव्हे. १९१० साली लक्ष्मणराव किर्लोस्करांना बेळगाव सोडावे लागले, तेव्हा औंधच्या बाळासाहेब पंतप्रतिनिधींनी त्यांना कुंडल रोड स्टेशनाजवळच्या माळावर जागा दिली. त्या निवडुंगाच्या माळाची किर्लोस्करवाडी झाली आणि महाराष्ट्राचा नांगर तेथे घडला. कराडजवळ ओगलेवाडीला काचेचा कारखाना निघाला, त्याच्या कंदिलांनी घरोघर उजेड केला. याच औंधच्या राजाने १९३९ साली गांधीजींच्या सल्ल्याने आपली सत्ता रयतेच्या पंचायतींकडे सोपविली. ब्रिटिशांच्या साताऱ्यात जे स्वप्न होते, ते शेजारच्या ठिगळात कागदावर उतरले होते.

आणि मग १९४२ साल उजाडले. जी रेघ लोकांना तोडण्यासाठी ठेवली होती, तीच लोकांनी आपल्या कामी लावली.

त्या सप्टेंबरात तासगाव, वडूज, इस्लामपूर येथल्या कचेऱ्यांवर मोर्चे गेले. वडूजला आणि इस्लामपूरला गोळीबार झाला. इस्लामपूरला पडलेल्यांत एक होते किर्लोस्करवाडीचे तरुण इंजिनिअर उमाशंकर पंड्या आणि दुसरे कामेरीचे विष्णू बारपटे. संस्थानी हद्दीतल्या कारखान्याचा इंजिनिअर आणि ब्रिटिश हद्दीतल्या गावचा माणूस एकाच मोर्चात, एकाच गोळीबारात पडले. कोणाची हद्द कोणती, हे त्या बंदुकांनी विचारले नाही.

पुढे क्रांतिसिंह नाना पाटलांच्या नेतृत्वाखाली प्रतिसरकार उभे राहिले. १९४३ पासून १९४६ पर्यंत कित्येक गावांत न्यायदान, सावकारांचा बंदोबस्त, दारूबंदी, कमी खर्चाची लग्ने हा कारभार लोकांनीच चालविला. त्याच्या तुफान सेनेचे केंद्र कुंडल, आणि कुंडल तर औंध संस्थानात! ब्रिटिश पोलीस मागे लागले की कार्यकर्ते संस्थानी हद्दीत शिरत, तेथे धाड येण्याची कुणकुण लागली की पुन्हा ब्रिटिश हद्दीत. ठिगळांची गोधडी अशी पांघरूण म्हणून उपयोगी पडली. सांगली संस्थानाचा तुरुंग गणेशदुर्गात होता. २४ जुलै १९४३ रोजी वसंतदादा पाटील आणि त्यांचे साथीदार तो फोडून बाहेर पडले. पाठलागात अण्णासाहेब पत्रावळे आणि बाबूराव जाधव हुतात्मे झाले, दादांना गोळी लागली. एक संस्थान कार्यकर्त्यांना आसरा देत होते आणि दुसऱ्याच्या तुरुंगात तेच कार्यकर्ते कोंडलेले होते. म्हणून "संस्थाने चांगली" किंवा "संस्थाने वाईट" असा सरसकट निवाडा देता येत नाही.

८ मार्च १९४८ रोजी दक्षिणेकडील ही संस्थाने मुंबई राज्यात विलीन झाली. १९४९ च्या ऑगस्टात जुन्या सातारा जिल्ह्याचे वाळवे, शिराळे, तासगाव, खानापूर हे तालुके आणि सांगली, मिरज, जत इत्यादी संस्थानांचा मुलूख एकत्र करून 'दक्षिण सातारा' जिल्हा झाला. १९६० साली त्याचेच नाव सांगली पडले. आता गंमत पाहा. नाव संस्थानाचे, पण जमीन बरीचशी जुन्या साताऱ्याची. ज्याला इतिहास साताऱ्याचे पत्रीसरकार म्हणतो, त्याचे कुंडल आणि नाना पाटलांचे येडेमच्छिंद्र ही दोन्ही गावे आज सांगली जिल्ह्यात आहेत. यशवंतराव चव्हाण जन्मले देवराष्ट्र्यात, ते आज सांगलीत, आणि वाढले कराडात, ते साताऱ्यात. कर्मवीर भाऊराव पाटलांचे घर ऐतवड्यात, ते सांगलीत, आणि त्यांच्या रयत शिक्षण संस्थेचे मोठे कार्य साताऱ्यात. ही माणसे कोणत्या जिल्ह्याची, हा वाद घालणाऱ्यांनी आधी नकाशाचे साल विचारावे.

आजही दोहोंना बांधणाऱ्या गोष्टी पुष्कळ आहेत. साताऱ्यातल्या कोयनेचे धरण १०५ टीएमसी पाणी साठविते, आणि त्यातून सोडलेले पाणी कराडच्या प्रीतिसंगमावरून सांगलीच्या आयर्विन पुलाखाली येते. २०१९ च्या ऑगस्टात सांगलीत जो महापूर आला, त्याने हे नाते पुन्हा एकदा घराघरांत शिरून सांगितले. वरचा पाऊस आणि खालचा पूर हा एकच हिशेब आहे. मुंबईच्या गोद्यांत आणि बाजारांत पाठीवर पोती वाहणारे माथाडी बहुसंख्य याच मुलखातले. पाटण तालुक्याचे अण्णासाहेब पाटील यांनी त्यांची संघटना बांधली आणि १९६९ साली माथाडी कायदा झाला. त्या बाजारात सातारकर आणि सांगलीकर असा वेगळा दर मिळत नव्हता. दर मिळाला तो एकीचा.

परंतु रेघ अजून पुसलेली नाही. काही वर्षांपूर्वी एका कारखान्यात आम्ही मजुरीवाढ मागितली, तेव्हा ठेकेदाराने शेजारच्या जिल्ह्यातून कमी रोजावर माणसे आणली आणि आमच्या लोकांना सांगितले, "तुमच्या पोटावर पाय देणारे हे पाहा." त्या माणसांना त्याने काय सांगितले, तर "इथले लोक तुम्हांला टिकू देणार नाहीत." दोघांच्याही तोंडचा घास काढून दोघांना एकमेकांवर सोडण्याची ही विद्या एल्फिन्स्टनच्या काळापासून जुनी. आम्ही दोन्ही बाजूंचे लोक एका झाडाखाली बसविले आणि दोघांच्या हजेरीपत्रकातले आकडे मोठ्याने वाचले. बाकी भाषण करावे लागले नाही.

आज तीच रेघ आणखी पूर्वेकडे सरकली आहे. गळिताच्या हंगामात बीडकडून तोडणी मजूर येतात. मुकादमाची उचल फेडण्यासाठी नवराबायको मिळून एक कोयता धरतात आणि फडाच्या कडेला पालात राहतात. बीड १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होते. ती हद्द मिटून पाऊण शतक लोटले, पण आपण अजून त्यांना परमुलखातले समजतो. त्यांच्या मुलांची शाळा, त्यांच्या बायकांचा दवाखाना, अपघात झाला तर भरपाई, हे सारे "त्यांच्या जिल्ह्याचे काम" म्हणून सोडून देतो. संस्थानी हद्दीत तुटलेल्या हाताची किंमत वेगळी, हा जुना कायदा आपण मनातल्या मनात पाळीत आहोत.

श्रोत्यांना आमची एकच विनंती आहे. घरी गेल्यावर आपले गाव १९४७ साली कोणाच्या हद्दीत होते, हे वडीलधाऱ्यांना किंवा जुन्या कागदांना विचारा. मग शेजारच्या गावचे विचारा. पुष्कळांना आढळेल की आजी एका राज्यातली आणि आजोबा दुसऱ्या राज्यातले. हे एकदा कळले, म्हणजे फडावर पाल ठोकून बसलेला माणूस कोणाचा, या प्रश्नाचे उत्तर द्यायला व्याख्यात्याची गरज उरणार नाही.