विश्लेषण : पोलिसांवर विश्वास नाही म्हणून तपास सीबीआयकडे मागता येतो का?

मे २०२०. पत्रकार अर्णब गोस्वामी यांची सर्वोच्च न्यायालयात मागणी होती, की मुंबई पोलीस पूर्वग्रहाने तपास करत आहेत, तो सीबीआयकडे द्या. तेव्हा मुंबईचे पोलीस आयुक्त होते परमबीर सिंह. पुढच्याच वर्षी खुद्द सिंह आपल्यावरच्या गुन्ह्यांबाबत हीच मागणी घेऊन याच न्यायालयात गेले. गोस्वामी यांची मागणी फेटाळली गेली, सिंह यांची मान्य झाली. असे का?

न्यायालय काय तपासते?

गोस्वामी यांची तक्रार होती, की आपली १२ तासांहून अधिक चौकशी झाली आणि प्रश्न गैरलागू होते. १९ मे २०२० च्या निकालात न्या. धनंजय चंद्रचूड आणि न्या. एम. आर. शहा यांच्या खंडपीठाने हे पुरेसे मानले नाही. कोणते प्रश्न विचारायचे, किती वेळ विचारायचे हे तपास अधिकारी ठरवतो. आपला तपास कोणत्या यंत्रणेने करावा, हे आरोपीला निवडता येत नाही. शिवाय नागपूरचा गुन्हा मुंबईच्या ना. म. जोशी मार्ग पोलीस ठाण्यात वर्ग झाला होता, तोही त्यांच्या संमतीने.

सिंह यांचे प्रकरण वेगळ्या वळणाचे. मार्च २०२१ मध्ये त्यांनी तत्कालीन गृहमंत्री अनिल देशमुख यांच्यावर पत्रातून वसुलीचा आरोप केला. ५ एप्रिल २०२१ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने त्याची प्राथमिक चौकशी सीबीआयकडे सोपवली. कारण साधे होते : राज्याचे पोलीस ज्यांच्या हाताखाली, त्यांचीच चौकशी ते मोकळेपणाने कशी करणार? देशमुखांनी त्याच दिवशी राजीनामा दिला. पुढे सिंह यांच्यावरच गुन्हे दाखल होत गेले. २४ मार्च २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तेही सीबीआयकडे दिले. मात्र याचा अर्थ सिंह धुतल्या तांदळासारखे आहेत असा नाही, हेही न्यायालयाने बजावले.

थोडक्यात, ‘अधिकारी माझ्याशी वाईट वागला’ हा मुद्दा सहसा टिकत नाही. तपास करणाऱ्या दलाचेच हितसंबंध प्रकरणात गुंतलेले दिसले, तर न्यायालय कान टवकारते. गुजरातच्या सोहराबुद्दीन चकमक प्रकरणात पोलीसच आरोपी होते. तिथे आरोपपत्र दाखल झाल्यावरही, जानेवारी २०१० मध्ये, तपास सीबीआयकडे गेला.

राज्याने नकार दिला तर?

सीबीआयला राज्यात तपास करायला एरवी राज्याची संमती लागते. महाराष्ट्राने ती सरसकट संमती ऑक्टोबर २०२० मध्ये काढून घेतली होती, दोन वर्षांनी पुन्हा दिली. उच्च किंवा सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाला मात्र ही अट नाही. २०१० मध्ये पश्चिम बंगालच्या प्रकरणात घटनापीठाने ते स्पष्ट केले. पण हा अधिकार क्वचित आणि जपून वापरावा, असेही सांगितले.

सामान्य माणसाने कुठे जायचे?

थेट उच्च न्यायालयात धावणे बहुतेकदा अंगाशी येते. तिथला पहिला प्रश्न असतो, आधी कुठे दाद मागितली? ठाण्यात तक्रार घेतली नाही, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) नुसार पोलीस अधीक्षकांना लेखी कळवायचे. तिथेही काही झाले नाही, तर कलम १७५(३) खाली प्रतिज्ञापत्रासह दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज. दंडाधिकारी तपासावर लक्ष ठेवू शकतात, हे ‘साकिरी वासू’ निकालाने २००७ मध्येच सांगितले आहे. सीबीआयला आदेश देण्याचा अधिकार मात्र त्यांना नाही. त्यासाठी उच्च न्यायालयच, आणि तिथे विशेष तपास पथकाचा पर्यायही मागता येतो.

या सगळ्यात पोच घेतलेल्या अर्जांच्या प्रती, तारखा, न नोंदवलेले जबाब हेच कामाला येते. पक्षपात सिद्ध करायला मोबाइलवरचा व्हिडीओ पुरेसा, असा समज समाजमाध्यमांवर फार आहे. आरोप पोकळ निघाले तर भुर्दंडही बसतो. छत्तीसगडमधील आदिवासींच्या हत्यांच्या सीबीआय तपासाची मागणी सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२२ मध्ये फेटाळली आणि याचिकाकर्त्या हिमांशू कुमार यांनाच ५ लाख रुपये भरायला सांगितले.

आणि यंत्रणा बदलली म्हणून घड्याळ वेगाने फिरत नाही. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची हत्या ऑगस्ट २०१३ मधली. तपास २०१४ मध्ये सीबीआयकडे गेला आणि पुण्याच्या विशेष न्यायालयाचा निकाल आला १० मे २०२४ रोजी : दोघांना जन्मठेप, तिघे निर्दोष.